नागपुरात राहून पटकथालेखन: मुंबईला जावंच लागतं का?

मानेवाडा_चौक

नमस्कार मंडळी.

मी नागपूरचा, वय एकोणतीस, खासगी कंपनीत नोकरी. कॉलेजात असल्यापासून एकांकिका लिहितोय, नंतर राज्य नाट्य स्पर्धेसाठी नाटकं लिहिली. आता एक पूर्ण लांबीची पटकथा तयार आहे. उमरेडच्या कोळसा खाणीत काम करणाऱ्या एका घराची गोष्ट आहे. बाबा त्याच खाणीतून निवृत्त झाले, त्यामुळे ते जग मला आतून माहीत आहे.

मुंबईतल्या एका निर्मात्यांनी सारांश वाचला, त्यांना आवडला आणि "नॅरेशनला या" म्हणाले, म्हणजे समोर बसून पूर्ण गोष्ट सांगायला. सोबत हेही म्हणाले की नागपुरात बसून हे काम होत नाही, इकडे शिफ्ट व्हा. घरी आई-बाबा आहेत. बायको इथल्याच शाळेत शिकवते. तिची नोकरी सोडवून चौघांनी मुंबईत भाड्याने राहायचं, ते माझ्या भरवशावर, हे मला पटत नाही. पण लिहिणं सोडणंही जमणार नाही.

कोणत्याही एका संस्थेच्या पगारावर नसलेला, स्वतंत्र पटकथालेखक म्हणून पोट भरतं का? पैसा कसा आणि कधी येतो? टीव्हीपासून सुरुवात करावी की थेट चित्रपट? आणि मुख्य म्हणजे, नागपुरात राहून हे होतं का? माझं मत आधीच सांगून ठेवतो: विदर्भातल्या गोष्टी विदर्भात राहणाऱ्यांनी लिहायला हव्यात. चार दिवस येऊन, सावजी खाऊन परत जाणाऱ्यांनी लिहिल्या की त्या तशाच दिसतात.

तर्रीबाज

पहिला! वाचून राहिलो. भाऊ, नॅरेशनला जाताना संत्रा बर्फी नेजो. कथा नाही आवडली तरी बर्फी आवडते.

चहाटळ

मुंबई. दुसरं उत्तर नाही. बाकीचा धागा वाचला नाही तरी चालेल.

गोरेगाव_पूर्व

मानेवाडा, मी मूळची नागपूरच्या प्रतापनगरची. बरीच वर्षं मुंबईत मराठी मालिकांचे संवाद लिहिते. चहाटळ यांनी एका शब्दात सांगितलं, मी जरा सविस्तर सांगते, कारण बाहेरून हे काम कसं चालतं ते दिसत नाही.

दैनंदिन मालिकेत कथा, पटकथा आणि संवाद ही बहुतेक वेळा तीन वेगळ्या माणसांची कामं असतात. कथा लिहिणारा पुढच्या काही आठवड्यांचा ट्रॅक, म्हणजे कथानक कुठे जाणार ते, ठरवतो. तो निर्मिती संस्थेच्या आणि चॅनेलच्या क्रिएटिव्ह टीमकडे जातो, तिथे चर्चा होते, बदल होतात. मग पटकथाकार एकेका भागाचे सीन पाडतो: कुठे, कोण, काय घडतं, भाग कशावर संपतो. ते मंजूर झालं की माझ्याकडे येतं आणि मी बोलणं लिहिते. जाहिराती वगळून साधारण बावीस मिनिटांचा भाग. आठवड्याला सहा भाग म्हणजे जवळपास रोज एक. गुरुवारी टीआरपी येतो, आणि आकडा पडला की मंजूर झालेला ट्रॅकसुद्धा बदलतो. मग लिहून ठेवलेले भाग बाजूला आणि रातोरात नवे.

आमच्याकडे "बँक" म्हणतात ती म्हणजे शूट होऊन तयार असलेले भाग. बँक चांगली असली तर लेखकाला झोप मिळते. बँक संपली की सकाळी कलाकार मेकअप करत असतात आणि त्यांच्या फोनवर माझे संवाद येत असतात.

आता तुझा मुख्य प्रश्न. संवाद मी घरातून लिहिते. मी गोरेगावात बसते की गोंदियात, हे सेटवर कुणी विचारत नाही. चॅनेलच्या मीटिंगाही आता बऱ्याचशा व्हिडिओ कॉलवर होतात. म्हणजे काम नागपुरातून होऊ शकतं. पण काम मिळणं मुंबईतून होतं. माझं पहिलं काम मला असं मिळालं की एका लेखकाला अचानक गावी जावं लागलं आणि त्याच संध्याकाळी मी त्या ऑफिसात दुसऱ्या कुणाला तरी भेटायला गेले होते. "काही भाग करशील का?" असं विचारलं गेलं. नागपुरात असते तर मला कुणी फोन केला नसता, कारण त्यांच्याकडे माझा नंबरच नव्हता.

पैशाचं: मालिकेत दर भागामागे ठरतो. भाग प्रक्षेपित झाला की बिल लावायचं, आणि करारानुसार साठ ते नव्वद दिवसांनी पैसे. म्हणजे पहिले तीन-चार महिने काम जोरात आणि हातात काहीच नाही, असं असतं. त्यासाठी गाठीशी रक्कम हवी. आणि मालिका बंद व्हायचा निर्णय दोन-तीन आठवडे आधी कळला तरी नशीब.

चहाटळ

बघा, मी तेच म्हणालो. ताईंनी फक्त परिच्छेद पाडले.

खामलेकरीण

दुसरी बाजू. माझा धाकटा भाऊ याच कामासाठी मुंबईला गेला. मीरा रोडला तिघांत एक खोली. अर्धा दिवस लोकलमध्ये, अर्धा दिवस कुणाच्या तरी ऑफिसबाहेर. एका मालिकेसाठी त्याने बरेच भाग लिहिले, श्रेयनामावलीत नाव दुसऱ्याचं आणि शेवटच्या महिन्यांचे पैसे आलेच नाहीत. कोणती मालिका, कोणती संस्था ते लिहीत नाही, लिहून उपयोगही नाही. तो परत आला तेव्हा पार खचला होता.

आता तो नागपुरातूनच माहितीपट, संस्थांच्या फिल्म, शेतीविषयक लघुपट यांच्या संहिता लिहितो. घर चालतं. स्वतःची एक पटकथाही चालू आहे, सकाळी लवकर उठून. आई म्हणते, पोरगं घरात जेवताना दिसतं हेच पुष्कळ. मानेवाडा भाऊ, तुमची बायको नोकरी करते, घर स्वतःचं आहे. हे भांडवल आहे तुमचं. ते मोडून मुंबईला जाऊ नका एवढंच सांगते.

वडसेकर

या धाग्यावर झाडीपट्टी रंगभूमीचं नाव अजून कसं आलं नाही?

पोट भरतं का, असा प्रश्न आहे ना? आमच्याकडे गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदियात दिवाळीनंतर मंडई, म्हणजे गावोगावच्या जत्रा, सुरू झाल्या की होळीच्या आसपासपर्यंत नाटकं चालतात. वडशात, म्हणजे देसाईगंजात, नाटक मंडळ्यांची ऑफिसं एका रांगेत आहेत, गावोगावचे लोक येऊन तारखा बुक करतात. रात्री दहा-अकराला पडदा उघडतो आणि पहाटेपर्यंत नाटक. हजारो माणसं तिकीट काढून बसतात, थंडीत, घोंगडं पांघरून. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा कुठे शहरातल्या लोकांना या रंगभूमीचं नाव कळलं.

इथे लेखकाला दर हंगामाला नवं नाटक द्यावं लागतं आणि त्याचे पैसे मिळतात. मी लिहिलेल्या नाटकांवर माझ्या पोरीचं नर्सिंगचं शिक्षण झालं. आणि शिकायला काय मिळतं म्हणाल, तर पहाटे तीन वाजता प्रेक्षक जागा ठेवायचा. कुठे लोक बिडी प्यायला उठतात ते अंधारात दिसतं. तो सीन दुसऱ्या गावाला जाण्याआधी आम्ही कापतो. टीआरपीसाठी गुरुवारपर्यंत थांबावं लागत नाही.

मानेवाडा_चौक

वडसेकर काका, तुमचा प्रतिसाद वाचून अंगावर काटा आला. मी झाडीपट्टीची नाटकं फक्त प्रेक्षक म्हणून पाहिलीत, तीही मामाच्या गावी, लहानपणी. पण पटकथेसाठी ते कितपत उपयोगी पडेल? तिथे गाणी, लावणी, विनोदी पात्र हे सगळं हवंच असतं. माझी गोष्ट शांत आहे.

वडसेकर

शांत गोष्टही लोक ऐकतात, पुढे काय होणार याची काळजी लागली पाहिजे. तुमच्या खाणीतल्या माणसाचं काय पणाला लागलंय ते पहिल्या अर्ध्या तासात कळतं का, तेवढं तपासा.

गोरेगाव_पूर्व

काकांना पूर्ण अनुमोदन. इथे लाखो रुपये घेऊन शिकवतात ते हेच आहे.

अ‍ॅड_रामदासपेठ

मी वकील आहे, कॉपीराइटची काही प्रकरणं हाताळली आहेत. नॅरेशनला जाण्याआधी हे वाचा.

कल्पनेवर कॉपीराइट नसतो, तिच्या मांडणीवर असतो. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये हे स्पष्ट केलं आणि आजही तोच आधार घेतला जातो. त्यामुळे "खाणीतल्या कुटुंबाची गोष्ट" तोंडी सांगून आलात तर ती तुमची आहे हे सिद्ध करणं फार कठीण. प्रसंग, पात्रं, संवाद यांच्यासह लिहिलेली पटकथा ही तुमची मालमत्ता. कायद्याने लिहिल्या क्षणीच कॉपीराइट तुमचा होतो, नोंदणी सक्तीची नाही, पण तारखेचा पुरावा हवा. मुंबईतल्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सदस्य व्हा. पडद्यावर एकही काम आलेलं नसलं तरी होता येतं, आणि पटकथेची नोंदणी ऑनलाइन होते, अंधेरीला जावं लागत नाही. केंद्र सरकारच्या कॉपीराइट कार्यालयातही साहित्यकृती म्हणून नोंदवता येते.

खामलेकरीण यांच्या भावासारख्या प्रकरणांसाठी असोसिएशनची तंटा निवारण समिती आहे. श्रेय आणि थकलेलं मानधन, दोन्हींच्या तक्रारी तिथे ऐकल्या जातात. पण सदस्यत्व हवं आणि कागद हवा. किमान ईमेल. फोनवर ठरलेलं काम झालं की त्याच रात्री "आज ठरल्याप्रमाणे..." असं लिहून एक ईमेल पाठवायची सवय लावा.

खामलेकरीण

वकीलसाहेब, धन्यवाद. भावाला दाखवते. त्याच्याकडे व्हॉट्सअ‍ॅपवरचे संदेश आहेत, ते चालतील का?

अ‍ॅड_रामदासपेठ

पुरावा म्हणून नक्की उपयोगी आहेत. फोन बदलला असेल तर जुना फोन विकू देऊ नका. व्यनि (खासगी निरोप) केला आहे.

गोंडवन

मूळ पोस्टमधल्या शेवटच्या मुद्द्यावर यायचं आहे. मराठी मालिका-चित्रपटांत आपला माणूस दिसतो तो एक तर विनोदाला, नाहीतर आत्महत्या करायला. तिसरं काही नाही. आणि भाषा! नागपूर शहरातला वकील, वऱ्हाडातला शेतकरी आणि गडचिरोलीतला शिक्षक, सगळे एकच बोली बोलतात आणि तीही कुठेच बोलली जात नाही अशी. दर वाक्यात "बे" आणि "काऊन" टाकलं की झालं विदर्भ. माझी आजी अमरावतीची, आई भंडाऱ्याची. दोघींच्या बोलण्यात किती फरक होता ते मी घरातच ऐकलंय.

तर्रीबाज

+१. आणि सगळे चोवीस तास ठेचा खातात.

गोरेगाव_पूर्व

गोंडवन, तुमचा राग रास्त आहे. आतून काय होतं ते सांगते. मी एका मालिकेत चंद्रपूरकडची बाई लिहिली होती. पहिल्या भागांत तिचं बोलणं माझ्या ओळखीचं होतं. मग निरोप आला की सांगली-साताऱ्याच्या प्रेक्षकाला कळत नाही, सौम्य करा. मी शब्द सोपे केले पण क्रियापदं सोडली नाहीत. "येऊन राहिली", "मले", "तुले" ठेवलं, कारण बोलण्याची चाल तिथे असते. तेवढं टिकलं. पण कलाकार पुण्याची होती, ती ते प्रत्येक वाक्य हसवण्याच्या सुरात म्हणायची, आणि सेटवर मी नव्हते. लेखकाच्या हातात कागदापर्यंतचंच असतं. म्हणून नागराज मंजुळेंनी "झुंड"साठी (२०२२) नागपुरातलीच मुलं घेतली त्याचं मोल मला फार वाटतं. ती मुलं बोलतात तेव्हा कुणीतरी त्यांना बोली शिकवली असं वाटत नाही.

जुनी_सदस्य

मुंबईला जावंच लागतं असं म्हणणाऱ्यांसाठी: महेश एलकुंचवार नागपुरातच राहिले, इथल्या कॉलेजात इंग्रजी शिकवलं. त्यांच्या "पार्टी" नाटकावर गोविंद निहलानींनी १९८४ मध्ये चित्रपट केला, त्याची पटकथा एलकुंचवारांनीच लिहिली. मुंबई त्यांच्याकडे आली.

चहाटळ

ताई, ते आधी मोठे नाटककार होते, म्हणून मुंबई आली. आणि प्राध्यापकाचा पगार होता. राजकुमार हिरानीही नागपूरचेच. ते पुण्याला एफटीआयआय या चित्रपट संस्थेत संकलन शिकले आणि मग मुंबई. नागपुरात राहून ते हे करू शकले असते का?

जुनी_सदस्य

तुम्हीच माझा मुद्दा मांडलात. पगार होता म्हणून मनासारखं लिहिता आलं. मानेवाडा यांनाही पगार आहे. तो का सोडावा?

चहाटळ

कारण नोकरी करून रात्री लिहिणाऱ्याला चॅनेल काम देत नाही. दुपारी तीनला बदल आले तर सहापर्यंत हवे असतात. तेव्हा हा माणूस ऑफिसात असणार.

गोरेगाव_पूर्व

दोघांचंही खरं आहे, कारण तुम्ही दोन वेगळ्या कामांबद्दल बोलताय. मालिका नोकरी सांभाळून होत नाही. एवढं मी अगदी ठामपणे सांगते. चित्रपटाची पटकथा होते, किंबहुना तशीच व्हायला हवी, कारण एक चित्रपट उभा राहायला कितीही वर्षं लागू शकतात आणि तोवर भाडं भरायच्या घाईत माणूस वाटेल त्या बदलाला हो म्हणतो. वेब सीरिज मधली. तिथे रायटर्स रूम असते, काही महिने चार-पाच लेखक एकत्र बसतात. सलग रजा मिळत असेल तरच जमतं.

जमाखर्च

सीए आहे, म्हणून माझ्या कोपऱ्यातलं बोलतो. लेखकाच्या फीमधून निर्माता सहसा १० टक्के टीडीएस, म्हणजे आगाऊ आयकर, कापतो. तो तुमच्या पॅनवर जमा झाला का, ते पोर्टलवर दरवर्षी बघा. कापतात आणि भरत नाहीत असेही भेटतात. आयकराच्या नियमांत "चित्रपट कलाकार" या व्याख्येत कथालेखक, पटकथालेखक आणि संवादलेखक स्पष्टपणे धरलेले आहेत. त्यामुळे व्यावसायिकांसाठीच्या सोप्या योजनेत जमेची निम्मी रक्कम उत्पन्न दाखवून विवरणपत्र भरता येतं, खर्चाची पावती न् पावती सांभाळावी लागत नाही. नोकरीसोबत लिहीत असाल तर आधी कंपनीचं नेमणूकपत्र वाचा. बाहेरचं काम करायला मनाई असते कित्येकांत.

तर्रीबाज

इथे तर सगळा स्टाफ जमला. वकील, सीए, संवादलेखिका. एक कॅमेरामन आला की उमरेडला शूटिंग सुरू करू.

वडसेकर

नट मी देतो. रात्रभर उभे राहणारे आहेत आमचे.

मानेवाडा_चौक

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री बायकोला पूर्ण धागा वाचून दाखवला. ती म्हणाली, खामलेकरीण ताई आणि गोरेगाव ताई दोघी एकच सांगतायत, फक्त तू ऐकत नाहीयेस. तर ठरलं असं: मालिकेच्या मागे जात नाही. नोकरी ठेवतो, नेमणूकपत्र काढून वाचलं, लेखी परवानगी लागते, ती मागतो. असोसिएशनचा अर्ज भरला. पटकथेची नोंदणी झाल्यावरच नॅरेशनची तारीख घेईन. विदर्भ एक्सप्रेसने संध्याकाळी निघालं की सकाळी मुंबई, काम करून रात्रीच्या दुरांतोने परत. दर वेळी एकाच कामासाठी न जाता चार लोकांना भेटून येईन. ताईंचा नंबर-नसल्याचा मुद्दा डोक्यात पक्का बसलाय.

आता एकच विचारतो. नॅरेशन द्यायचं कसं? मी वाचून दाखवू का? आणि त्यांनी तिथेच कागद पुढे केला तर?

गोरेगाव_पूर्व

वाचू नकोस. सांग. समोर पटकथा ठेव पण बघायची वेळ येऊ देऊ नकोस. सगळे सीन सांगायचे नसतात. ज्यांच्याशिवाय गोष्ट कळणार नाही तेवढे नीट सांग, मधले दोन वाक्यांत. मध्यंतर कुठे येतो ते ठामपणे सांग, निर्माता त्या क्षणी तुझ्याकडे बघतो. खाणीतलं वातावरण, भोंगा, पाळी सुटतानाचं दृश्य, हे तू बाबांकडून ऐकलंयस, ते बोलताना तुझा आवाज आपोआप बदलेल. तो दाबू नकोस. त्यांचा फोन वाजला तर थांब, आणि परत सुरू करताना एक वाक्य मागून घे. शेवट राखून ठेवू नकोस. काही जण चोरीच्या भीतीने शेवट सांगत नाहीत, त्यांची गोष्ट कुणी घेत नाही.

आणि जाण्याआधी विचार की खोलीत कोण असणार आहे. निर्णय घेणारा माणूसच नसेल तर तीच गोष्ट पुन्हा सांगायला बोलावतात, आणि तुला दर वेळी नागपूरहून यायचं आहे.

अ‍ॅड_रामदासपेठ

कागदाबद्दल. तिथे बसून सही करायची नाही, कितीही आपुलकीने पुढे केला तरी. "घरी वाचून दोन दिवसांत पाठवतो" म्हणायचं. कुणाला राग आला तर तोही एक निरोपच.

वाचताना या जागा बघा. हक्क किती काळासाठी आणि कोणत्या प्रदेशासाठी दिले ते लिहिलंय का. काळ लिहिलेलाच नसेल तर कायद्याने तो पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारत. घेतलेले हक्क एका वर्षात वापरले नाहीत तर ते तुमच्याकडे परत येतात, पण करारात वेगळं लिहिलं नसेल तरच. बहुतेक छापील मसुद्यांत ही सोय एका ओळीत काढून टाकलेली असते. ती ओळ शोधा आणि तिथे ठरावीक मुदत टाकायला सांगा, नाहीतर तुमची गोष्ट त्यांच्या कपाटात पडून राहील आणि तुम्हाला ती दुसऱ्याला देता येणार नाही.

रॉयल्टीचा हक्क सोडून देतो असं कलम असेल तर ते खोडायला सांगा. २०१२ च्या दुरुस्तीनंतर, चित्रपटगृहातल्या प्रदर्शनाव्यतिरिक्त जो वापर होतो, त्याच्या रॉयल्टीतला लेखकाचा समान वाटा सोडूनच देता येत नाही. श्रेय कसं दिलं जाणार, कोणत्या शब्दांत, तेही लिहून घ्या. मानधन टप्प्यांत असू द्या आणि पहिला हप्ता सहीच्या वेळी. सगळी रक्कम "शूटिंग सुरू झाल्यावर" असेल तर सही करू नका.

मानेवाडा_चौक

हे सगळं कागदावर उतरवून घेतलं. मसुदा आला की तुम्हाला पाठवू का? फी सांगा, फुकट नको.

अ‍ॅड_रामदासपेठ

पाठवा. फीचं व्यनित बोलू.

तर्रीबाज

आणि भाऊ, बर्फी विसरू नको. वकीलसाहेबांना पण एक डबा.